पुरातून निघालेली गाडी: जुना ईसीएम हातचा सोडू नका!

पाणी ओसरलं की आधी घर उपसायचं, मग गाडीकडे धावायचं. सांगली-कोल्हापूरने हे २०१९ मध्ये भोगलं, चिपळूणने जुलै २०२१ मध्ये. चिखल पुसून झाला की किल्ली फिरवून बघायला हात शिवशिवतो. थांबा! फिरवू नका. इंजिनात पाणी असेल तर कनेक्टिंग रॉड वाकू शकतो. ईसीएम म्हणजे इंजिन चालवणारा कॉम्प्युटर; तो ओला असताना करंट गेला तर जळू शकतो. बॅटरीची वायर काढा आणि गाडी टो करूनच न्या.

गॅरेजात सांगतील, ‘ईसीएम गेला.’ लगेच हो म्हणू नका. फ्यूज, रिले, अर्थिंग, कनेक्टरमधला गंज आधी तपासायला लावा. आणि खरंच गेला असेल, तरी तो जुना डबा भंगारात जाऊ देऊ नका. सर्किट जळलं तरी चिपमधली माहिती पुष्कळदा वाचते. इंजिनाचा प्रोग्राम त्यात असतो, बऱ्याच गाड्यांत तुमच्या किल्लीची ओळखही. क्लोनिंग करताना हीच माहिती त्याच पार्ट नंबरच्या दुसऱ्या ईसीएममध्ये जशीच्या तशी उतरवतात. जुना डबाच नसेल तर उतरवणार काय?

मग जुगाड होतो. कुठल्यातरी गाडीचा ईसीएम बसवतात. तो तुमची किल्ली ओळखत नाही, म्हणून इमोबिलायझर, म्हणजे किल्लीतली चिप ओळखणारं कुलूप, कायमचा बंद करतात. गाडी सुरू होते खरी, पण चिपशिवाय कापलेल्या साध्या किल्लीनेही सुरू होते. चोराला आणखी काय हवं? प्रोग्राम दुसऱ्याच इंजिनाचा असेल तर इंजिन मधेच बंद पडू शकतं, आणि मग धोका जिवाला आहे. कुंभार्ली घाट उतरताना इंजिन बंद पडलं, की स्टिअरिंग जड होतं. दोन-तीनदा दाबल्यावर ब्रेकही घट्ट होतो. शेजारी आई, मागे पोरं. तुम्ही असं होऊ देणार नाही.

म्हणून विचारा. संकोच करू नका. पार्ट नंबर जुळला का? जुन्यातली माहिती वाचून जपून ठेवली का? हा ईसीएम आला कुठून? चोरीच्या गाडीचा तर नाही? बिलावर लिहून घ्या.

एअरबॅग चालवणारा डबा ईसीएमपेक्षा वेगळा असतो. बऱ्याच गाड्यांत तो गिअरजवळ, खाली तळाशी. म्हणजे बुडतोही लवकर. गाडी ताब्यात घेताना इग्निशन ऑन करून बघा. एअरबॅगचा दिवा काही सेकंद पेटून विझायला हवा. पेटलेलाच राहिला तर गाडी घेऊ नका. मुळीच पेटला नाही, तर कुणी तो मुद्दाम बंद केला असेल. तेव्हाही घेऊ नका.

गाडी आत्ता गॅरेजात असेल तर लगेच फोन करा. जुना ईसीएम पिशवीत घालून, वर गाडीचा नंबर लिहून, बाजूला ठेवायला सांगा.