पकड आणि गद्दारी

बऱ्याच दिवसांनी लिहितोय. विषय कबड्डीचा आहे, पण ज्यांना कबड्डीत रस नाही त्यांनीही शेवटपर्यंत वाचा, कारण यात एक कबुली पण द्यायची आहे.

गेल्या महिन्यात सुप्याला बहिणीकडे गेलो होतो. नगर-पुणे रस्त्यानं जाणाऱ्यांना सुपा म्हणजे एमआयडीसीतल्या कंपन्या, डोंगरावरच्या पवनचक्क्या आणि एक चहाचा थांबा. (नगरचं आता अहिल्यानगर झालंय, पण माझ्या तोंडातून अजून नगरच बाहेर पडतं.) बहिणीच्या घरात त्या दिवशी जरा धुसफूस चालू होती. भाची अकरावीला आहे, कबड्डी खेळते, डाव्या कोपऱ्याला. मध्यंतरी गुडघा दुखावला होता. बहिणीचं म्हणणं, "दादा, तू तरी सांग तिला, आता बास झालं." आणि भाचीच्या सरांचं म्हणणं वेगळंच. ते म्हणतात खेळायचंय तर चढाई शिक, निवड चाचणीत चढाई करणारीच नजरेत भरते.

रात्री ओट्यावर बसलो होतो तेव्हा भाचीनं विचारलं, "मामा, खरं सांगा, पकड करणाऱ्याचं नाव कुणाच्या लक्षात राहतं का?"

मी लगेच फाझल अत्राचलीचं नाव घेतलं. प्रो कबड्डीच्या लिलावात एक कोटीचा आकडा पहिल्यांदा गाठला तो याच माणसानं, 2018 साली, आणि तो डाव्या कोपऱ्याचाच खेळाडू! ती म्हणाली, "तो इराणचा आहे. आपल्यातलं सांगा."

मग मी म्हणालो, "बरं, शैलजा जैन माहितीयेत का? आपल्या नाशिकच्या."

ती माझ्याकडे बघून म्हणाली, "तुम्हीच त्यांना गद्दार म्हणाला होता की."

मी गारच पडलो. पण खरं होतं ते.

2018 चा ऑगस्ट. राखीपौर्णिमा रविवारी, 26 तारखेला होती आणि बहीण दोन दिवस आधीच पुण्याला आमच्याकडे आली होती. भाची तेव्हा तिसरीत. शुक्रवारी 24 तारखेला जकार्तामध्ये आशियाई खेळातली महिला कबड्डीची फायनल होती, भारत विरुद्ध इराण. आदल्याच दिवशी पुरुषांचा संघ सेमीफायनलमध्ये इराणकडून 27-18 असा हरला होता. 1990 पासून सलग सात वेळा सोनं आणणारा संघ! त्यामुळे डोकं आधीच फिरलेलं. महिलांनी तरी 2010 आणि 2014 सारखं सोनं आणावं असं मनोमन वाटत होतं. मध्यंतराला आपण थोडे पुढे होतो. आणि मग हरलो, 27-24. आपल्या संघात मुंबईची सोनाली शिंगटे होती, पुण्याची सायली केरिपाळे होती. त्या मुलींचे चेहरे बघवत नव्हते. आणि पलीकडे इराणच्या मुलींबरोबर आनंदात होत्या त्यांच्या प्रशिक्षक, आपल्याच नाशिकच्या शैलजाताई.

मी टीव्हीकडे बघून मोठ्यानं म्हणालो, "ही तर सरळसरळ गद्दारी झाली." घरात कुणी काही बोललं नाही. पोरीनं मात्र ते सात वर्षं लक्षात ठेवलं.

त्या रात्री ओट्यावर मला माझीच उलटतपासणी घ्यावी लागली. 2018 च्या त्या दिवसाआधी शैलजा जैन हे नाव मला माहीत होतं का? नव्हतं. त्या वर्षानुवर्षं नाशिकमध्ये मुलींना कबड्डी शिकवत होत्या. नाशिक पुण्याहून किती लांब आहे? पण मला त्यांचा पत्ता नव्हता, आणि तुमच्यापैकी किती जणांना होता ते तुम्हीच सांगा. भारतीय महिला संघाला शिकवावं अशी त्यांची इच्छा होती आणि ती संधी मिळाली नाही, हे त्यांनी स्वतःच नंतर मुलाखतींमधून सांगितलंय. मग इराणनं विचारलं आणि त्या गेल्या. साठीच्या घरातली शाकाहारी बाई, अनोळखी देश, जेवणाचे हाल. तिथं जाऊन फारसी शिकल्या, मुलींना योगासनं आणि प्राणायाम शिकवला, आणि दीड-एक वर्षात आपल्याला हरवणारा संघ उभा केला.

म्हणजे आपण हरलो म्हणून आपल्याला त्यांचं नाव कळलं. जिंकलो असतो तर कळलंही नसतं.

आता पकडीबद्दल थोडं. जे कबड्डी फक्त टीव्हीवर बघतात त्यांना वाटतं पकड म्हणजे सात जणांनी मिळून एकाला दाबायचं. तसं नसतं हो. कोपऱ्यातला खेळाडू वाट बघत असतो. चढाई करणारा बोनस रेषेकडे पाय टाकतो तो अर्धा क्षण साधून घोट्यावर झडप घालायची असते. क्षणभर लवकर गेलात तर गुण देऊन बाहेर. उशीर झाला तर तो मध्यरेषेवर पोचलेला. आणि तुम्ही घोटा धरलात तरी तो एकट्याच्या जोरावर थांबत नाही. शेजारची जिच्या हातात तुमचा हात आहे ती त्याच क्षणी आत आली पाहिजे. ती येईल असा भरवसा नसेल तर कुणी उडी मारणारच नाही. म्हणून मला वाटतं पकड शिकवणं हे अंगातली ताकद वाढवण्यापेक्षा एकमेकींवरचा भरवसा वाढवण्याचं काम आहे. ते महिनोन्महिने सोबत राहून, रोज पाठीवर हात ठेवूनच होतं. असं शिकवणारा माणूस ज्यांना शिकवतो त्यांचा होतोच. नाही झाला तर त्याला शिकवता येणार नाही.

आमचा एक चुलतभाऊ शिकागोजवळ राहतो (हे वाचत असशीलच, नमस्कार!). त्यानं मागे तिकडच्या फुटबॉलची एक गोष्ट सांगितली होती. अमेरिकन फुटबॉलमध्ये नुसत्या बचावासाठी वेगळा प्रशिक्षक असतो. शिकागो बेअर्सचा असा प्रशिक्षक होता बडी रायन. संघाची कामगिरी वाईट होती, 1981 साली वरपासून खालपर्यंत सगळे बदलणार अशी चिन्हं होती. तेव्हा बचावातल्या खेळाडूंनी थेट मालकाला, जॉर्ज हॅलसना, पत्र लिहिलं की आमचे रायन आम्हाला राहू द्या. मालकानं ऐकलं. नवा मुख्य प्रशिक्षक आला माइक डिटका, पण बचाव रायनकडेच राहिला. जानेवारी 1986 मध्ये शिकागोनं सुपर बोल 46-10 असा जिंकला, तेव्हा मैदानात दोन प्रशिक्षकांना खांद्यावर घेतलं होतं. मुख्य प्रशिक्षकाला एकांनी आणि रायनला त्याच्या बचाववाल्यांनी! त्यानंतर रायन लगेच फिलाडेल्फियाचा मुख्य प्रशिक्षक झाला आणि पुढे शिकागोविरुद्धही उतरला. त्याचा पेशाच होता तो.

आता कुणी म्हणेल, क्लब वेगळा आणि देश वेगळा. मान्य. हरल्याचं दुःख मलाही झालं आणि त्यात चूक काही नाही. पण मग न्यूझीलंडचे जॉन राइट आपल्या क्रिकेट संघाचे प्रशिक्षक झाले तेव्हा आपण काय म्हणालो? दक्षिण आफ्रिकेचे गॅरी कर्स्टन 2011 चा विश्वचषक जिंकून देऊन गेले तेव्हा? तेव्हा गुरूला देश नसतो म्हणून आपण टाळ्या पिटल्या. आपली बाई दुसऱ्याकडे गेली की लगेच गद्दारी?

आणि एक विसरू नका. हा खेळ जगात जावा म्हणून आपणच तर धडपडत होतो. अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाची मंडळी 1936 साली पार बर्लिनला जाऊन कबड्डी दाखवून आली. जगानं शिकावं असं वाटत होतं ना? मग शिकलेल्यांनी कधीतरी आपला घोटा धरला तर रडायचं कशाला! 2023 मध्ये हांगझोऊला आपल्या मुलींनी सोनं परत आणलं, चायनीज तैपेईला 26-25 असं हरवून. एका गुणानं! म्हणजे आता सगळेच शिकलेत, आणि ते चांगलंच आहे.

माझ्या मते खरी चूक झाली असेल तर ती आपली. आपण गुण मोजतो, तेही चढाईचे. कोपऱ्यातल्या पोरीला कोण शिकवतं आणि ती बाई आज कुठं आहे हे आपण विचारतच नाही. तालुक्याच्या गावी, शाळेच्या मैदानावर, संध्याकाळी चुन्यानं रेषा मारणारे कितीतरी सर आणि बाई असतील. त्यांची आठवण यायला आपण हरायलाच हवं का?

असो. मी भाचीला म्हणालो, "मी चुकलो होतो. तेव्हा मला काही माहीत नव्हतं." ती म्हणाली, "मग आईला सांगा ना."

बहिणीशी बोललो. गुडघा आधी नगरला नीट दाखवून घ्यायचा, डॉक्टर म्हणतील तेवढी विश्रांती, आणि मग खेळायचं, यावर ती कशीबशी तयार झालीये. सरांनाही भेटलो. तेही बिचारे तिच्या भल्यासाठीच बोलत होते, चाचणीत काय दिसतं ते त्यांना माहितीये. चढाई थोडी शिकेल ती, पण कोपरा सोडणार नाही म्हणते.

ताई, हे तू वाचशील म्हणून इथंच लिहून ठेवतो. तिचा पुढचा सामना असेल तेव्हा मला आधी फोन कर. मी येतो, कोपऱ्याच्या बाजूला बसतो.