प्रत काढणं म्हणजे चोरी नव्हे

‘चोरी’ हा शब्द हल्ली फार स्वस्त झाला आहे. ज्यानं पैसे मोजून वस्तू घेतली, वर्षानुवर्षं जपली आणि ती नाहीशी होऊ नये म्हणून तिची एक प्रत काढून ठेवली, त्याला तो सर्रास लावला जातो. ज्यानं वस्तू विकली, पैसे घेतले आणि मग दुकानच बंद करून टाकलं, त्याला तो कोणी लावत नाही. त्याच्या कृत्याला ‘सेवा समाप्ती’ असं सभ्य नाव आहे. माझं भांडण या दोन शब्दांच्या वाटणीशी आहे.

मी रायपूरच्या बूढ़ापाऱ्यात राहतो. माझ्याकडे एक पीएसपी आहे, म्हणजे सोनी कंपनीचं हातात मावणारं खेळाचं यंत्र, आणि सोबत चौदा चकत्या. हे यंत्र जपानमध्ये 12 डिसेंबर 2004 रोजी विक्रीला आलं. जगभरात सात-आठ कोटी यंत्रं खपली, आणि 2014 पासून ते बाजारातून उठत गेलं. त्याचे खेळ यूएमडी नावाच्या चकतीवर येत. चकती सहा सेंटिमीटरची, प्लास्टिकच्या कवचात बंद, तिच्यात जास्तीत जास्त 1.8 जीबी मावतात. कोरी यूएमडी कधी विकलीच गेली नाही, त्यामुळे चकतीवरून चकती उतरवण्याचा मार्ग पहिल्या दिवसापासून बंद होता. चकती फिरवणारी मोटर, ती वाचणारं लेझरचं भिंग, कवचाचे चिकटवलेले दोन भाग, या सगळ्यांना आयुष्याची मर्यादा आहे. वय होणं हा कोणाचा दोष नाही. वय झाल्यावर काय करायचं, एवढाच प्रश्न आहे.

त्याचं उत्तर फारसं अवघड नाही. हौशी मंडळींनी या यंत्रासाठी स्वतः लिहिलेली प्रणाली, म्हणजे कस्टम फर्मवेअर, त्यात घालायची. यंत्र यूएसबी वायरनं संगणकाला जोडलं की आत बसवलेली चकती संगणकाला एक फाइल म्हणून दिसते. ती उतरवून घ्यायची आणि मेमरी स्टिकवर ‘आयएसओ’ नावाच्या फोल्डरमध्ये ठेवायची. मूळ मेमरी स्टिक आता सहज मिळत नाही, म्हणून मायक्रोएसडी कार्ड बसवता येईल असा अडॅप्टर वापरायचा. मोटर फिरावी लागत नाही, म्हणून खेळ लवकर सुरू होतो आणि बॅटरी जास्त टिकते. चकती कपाटात जाते आणि खेळ चालू राहतो. यात कोणाच्या खिशातून काय गेलं?

कायद्याची भीती घालणाऱ्यांनी आपला कायदा एकदा वाचावा. 1957 च्या कॉपीराइट कायद्याचं कलम 52(1)(एए) सांगतं की ज्याच्याकडे संगणक-प्रोग्रामची प्रत रीतसर आली आहे, त्याला ती हरवू, नष्ट किंवा खराब होऊ नये यासाठी तात्पुरतं संरक्षण म्हणून राखीव प्रत काढता येते. मात्र मूळ प्रत ज्या कामासाठी घेतली त्याच कामापुरती. खेळात चित्रं आणि संगीतही असतं, मग तो नुसता ‘प्रोग्राम’ कसा, असा वाद वकील घालतील. घालू द्या. 2012 साली आलेल्या कलम 65ए नं डिजिटल कुलूप तोडणं गुन्हा ठरवलं आणि दोन वर्षांपर्यंत कैद ठेवली. पण त्यातही ‘हक्कभंग करण्याच्या हेतूनं’ ही अट आहे, आणि कायद्यानं स्पष्ट मना न केलेल्या हेतूसाठी कुलूप उघडण्याला सूट आहे. अमेरिकेत 1998 च्या कायद्यानं हेतू न पाहता कुलूप तोडण्यालाच मनाई केली, आणि आता तिथे दर तीन वर्षांनी सवलतींसाठी अर्ज करत बसावं लागतं. या एका बाबतीत आपल्या संसदेनं जास्त शहाणपण दाखवलं. तरी आपण धाक मात्र अमेरिकेचा बाळगतो.

एक सीमा इथेच आखतो. शेकडो खेळ भरलेली कार्डं पैसे घेऊन विकणारे बाजारात असतात. त्यांचं समर्थन मी करत नाही. ते दुसऱ्याच्या मेहनतीवर धंदा करतात. जो खेळ आज रास्त किमतीत मिळतो तो फुकट उतरवून घेणाऱ्याचंही करत नाही. माझं म्हणणं त्यांच्याबद्दल आहे ज्यांच्या हातात घेतलेली चकती आहे, आणि त्या खेळांबद्दल आहे जे विकायला आता कोणी बसलेलंच नाही.

असे खेळ थोडेथोडके नाहीत. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशननं 2023 मध्ये पाहणी प्रसिद्ध केली. 2010 पूर्वी त्या देशात निघालेल्या खेळांपैकी 87 टक्के आज बाजारात रीतसर मिळत नाहीत. सोनीनं मार्च 2021 मध्ये तीन जुन्या यंत्रांची ऑनलाइन दुकानं बंद करण्याचं जाहीर केलं. ओरड झाल्यावर एप्रिलमध्ये दोन वाचली. पीएसपीवरून खरेदी करण्याची सोय मात्र 2 जुलै 2021 ला संपली. निन्टेन्डोनं 3डीएसच्या दुकानातली विक्री 27 मार्च 2023 ला थांबवली. जे खेळ फक्त त्या दुकानातच मिळत, त्यांचं काय? चकती नाही, दुकान नाही, आणि प्रत काढाल तर चोर. चकतीवाल्याचा हक्क सोनीला मान्य नव्हता असंही नाही. 2011 साली व्हीटा हे पुढचं यंत्र आणताना जपानमध्ये ‘यूएमडी पासपोर्ट’ नावाची योजना निघाली. आपल्याकडची चकती नोंदवायची, थोडे पैसे भरायचे आणि तोच खेळ डिजिटल रूपात घ्यायचा. ती जपानपुरतीच राहिली. म्हणजे जो हक्क तोक्योत शुल्क भरून मिळाला, तो रायपुरात मागितला की गुन्हा वाटू लागतो.

खेळांचं पुराण साहित्याच्या पानांवर कशाला, असं वाटणाऱ्यांनी जुलै 2009 आठवावा. ॲमेझॉननं विकलेली ऑर्वेलची ‘1984’ आणि ‘ॲनिमल फार्म’ वाचकांच्या किंडलमधून दुरूनच पुसून टाकली होती. विक्रेत्याकडे हक्क नव्हते, पैसे परत दिले, कंपनीच्या प्रमुखानं माफीही मागितली. हे सगळं खरं. पण विकलेलं पुस्तक घरातून उचलून नेता येतं, हे त्या दिवशी सिद्ध झालं. कॅलिफोर्नियात 2025 पासून कायदा आहे की ग्राहकाला फक्त परवाना मिळणार असेल, तर तसं स्पष्ट सांगितल्याशिवाय ‘विकत घ्या’ असं बटण ठेवता येणार नाही. आपल्याकडे ते बटण बिनदिक्कत आहे.

आता घरातल्या गोष्टीकडे येतो. 2009-10 च्या सुमारास हैदराबादच्या गेमशास्त्र या कंपनीनं ‘देसी अड्डा’ नावाचा खेळ काढला. त्यात विटीदांडू होता, कबड्डी होती, पतंगांची काटाकाटी होती. मुंबईच्या ट्राइननं गल्लीतल्या क्रिकेटवर ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ काढला. दोन्ही पीएसपीवर निघाले. आपल्या गल्लीतले खेळ आपल्याच माणसांनी यंत्रात उतरवण्याचे ते सुरुवातीचे प्रयत्न. थोर कलाकृती म्हणून मी त्यांना डोक्यावर घेणार नाही. पण ‘राजा हरिश्चंद्र’ जपायचा तो काय केवळ थोर म्हणून? 1913 च्या त्या चित्रपटाचा आज पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात फक्त काही भाग उरला आहे. 1931 चा ‘आलम आरा’ तर अख्खाच गेला. संग्रहालय स्थापन झालं 1964 साली. चित्रपटांच्या बाबतीत जाग यायला आपल्याला अर्धशतक लागलं, खेळांच्या बाबतीत अजून आलेली नाही.

1954 च्या कायद्यानं छापलेल्या प्रत्येक पुस्तकाची प्रत कोलकाता, चेन्नई, मुंबई आणि दिल्लीच्या ग्रंथालयांना द्यावी लागते. खेळाची प्रत कोणालाच द्यावी लागत नाही. बरं, एखाद्या ग्रंथालयानं स्वतः होऊन जपायचं ठरवलं तर? कॉपीराइट कायद्याचं कलम 52(1)(एन) सार्वजनिक ग्रंथालयाला जतनासाठी डिजिटल साठवणूक करू देतं, पण ग्रंथालयाकडे त्या कृतीची ‘बिगर-डिजिटल’ प्रत आधीपासून असेल तरच. जी वस्तू जन्मालाच डिजिटल आली, तिची बिगर-डिजिटल प्रत आणायची कुठून? राजाश्रय नाही, ग्रंथालयाश्रय नाही. उरतो तो कपाटात चकती ठेवणारा माणूस, आणि नेमका तोच संशयित.

ही भूमिका मराठीत तरी कोणी घेऊ नये. आपलं साहित्य प्रती काढणाऱ्यांनीच टिकवलं आहे. एकनाथांनी शके 1506 मध्ये, म्हणजे इ.स. 1584 ला, ज्ञानेश्वरीची शुद्ध संहिता सिद्ध केली ती हातोहात उतरवलेल्या प्रती ताडून. महानुभावांनी आपले ग्रंथ सकळसारख्या सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले. ते कुलूपच होतं, आणि त्यामागे श्रद्धा होती, नफा नव्हता. पुढे राजवाडे, भावे यांच्यासारख्या संशोधकांनी त्या लिपीची किल्ली मिळवली, तेव्हा मराठीचं सर्वांत जुनं गद्य पंथाबाहेरच्या वाचकापर्यंत पोचलं. किल्ली मिळाली तरी उघडायला पोथ्या शिल्लक असाव्या लागतात. त्या शिल्लक होत्या, कारण पिढ्यान्‌पिढ्या कोणीतरी उतरवत बसलं होतं. आमच्या वस्तीत बूढ़ातालाबाजवळ माधवराव सप्र्यांच्या नावाची शाळा आहे. मराठी घरातल्या या माणसानं 1900 साली पेंड्र्याहून ‘छत्तीसगढ़ मित्र’ काढलं आणि छत्तीसगढ़मधल्या हिंदी पत्रकारितेचा पाया घातला. भोपाळमध्ये 1984 साली त्यांच्याच नावानं जुन्या वृत्तपत्रांचं संग्रहालय उभं राहिलं. कोणाच्या तरी घरात जुने अंक पडून होते, म्हणूनच ते उभं राहू शकलं.

लेखक मित्र विचारतात: उद्या तुझ्या पुस्तकाची पीडीएफ फिरली तर? ज्या दिवशी पुस्तक दुकानात आहे त्या दिवशी फिरली तर मी भांडेन. ज्या दिवशी प्रकाशक ‘आवृत्ती संपली, पुन्हा काढणार नाही’ म्हणेल, त्या दिवसानंतर कोणी झेरॉक्स काढली तर त्याच्या घरी जाऊन चहा पिईन. नागपूरहून येणाऱ्याच्या पिशवीतून मराठी पुस्तकं मागवत मोठ्या झालेल्या आम्हा रायपूरकरांना, ‘मिळत नाही’ आणि ‘नाही’ यांतला फरक कोणी शिकवावा लागत नाही.

म्हणून मागणी तीन गोष्टींची. कलम 52(1)(एन) मधली ‘बिगर-डिजिटल’ची अट काढा. देशात निघणाऱ्या प्रत्येक खेळाची कुलूप नसलेली प्रत एका सार्वजनिक संग्रहात जमा करणं सक्तीचं करा. आणि दुकान बंद करणाऱ्यानं आधी प्रत्येक ग्राहकाला चालणारी प्रत द्यावी, नाहीतर पहिल्या दिवसापासून बटणावर ‘भाड्यानं घ्या’ असं लिहावं. हे होईपर्यंत आम्ही आमच्या चकत्या उतरवत राहू. ज्याला याला चोरी म्हणायचं आहे, त्यानं कोणाचं काय गेलं ते आधी सांगावं.