पोरीनं आधी मायला सांगावं

बारावी झाली की सिंदेवाही, चामोर्शी, धानोऱ्याकडच्या पोरी चंद्रपूर-गडचिरोलीत खोली करून राहतात. कुणी नर्सिंगला, कुणी पोलीस भरतीच्या तयारीला. रात्री फोन लागला नाही की इकडे मायच्या पोटात गोळा. आणि पोरीचं कुठं जुळल्याचं कानावर आलं, की पहिला प्रश्न ठरलेला: कोणत्या समाजाचा आहे?

तो तुला नीट वागवतो का, हे विचारायचं मात्र राहून जातं.

पोरीनं जोडीदार निवडणं या मुलखाला नवं नाही. भामरागड-एटापल्लीकडे माडिया आदिवासींमध्ये पसंतीनं घर मांडलेली जोडपी गावजेवणाचा खर्च झेपेल तेव्हा लग्नाचा विधी करतात; तोवर लेकरंही झालेली असतात. तिथं सगळं गोडच आहे असं नाही, पण पोरीची पसंती चोरून ठेवावी लागत नाही.

चोरी महाग पडते. २०१२च्या पोक्सो कायद्यानं अठराच्या आतल्या मुलीची संमती धरली जात नाही. सतरा वर्षांची पोर स्वतःच्या मर्जीनं गेली तरी पोरावर गुन्हा. दिवस गेले तर दवाखान्याला पोलिसांना कळवावंच लागतं. त्या धाकानं पोर भलत्याच ठिकाणी गोळ्या घेते आणि जीव धोक्यात घालते. सर्वोच्च न्यायालयानं २९ सप्टेंबर २०२२ला यात वाट काढली. अशा गर्भपातात अल्पवयीन मुलीनं आणि तिच्या पालकांनी विनंती केली, तर डॉक्टरनं पोलिसांना तिचं नाव सांगण्याची गरज नाही. म्हणजे माय सोबत हवी. सोबत यायला तिला आधी ठाऊक तर हवं!

गप्प राहण्याची किंमत गडचिरोलीनं मोजलेली आहे. डॉ. राणी बंग यांनी इथल्या दोन गावांतल्या बाया तपासल्या. १९८९च्या त्या अभ्यासात ९२ टक्के बायांना स्त्रीरोग निघाले, आणि त्याआधी तपासणी झालेल्या होत्या जेमतेम ८ टक्के. पुढे त्यांनीच पोरापोरींसाठी ‘तारुण्यभान’ शिबिरं सुरू केली. अंगाबद्दल, प्रेमाबद्दल तिथं उघड बोललं जातं. घरात का नको?

काळजी मलाही वाटते, पोटची पोर आहे. पण काळजीपोटी शिक्षण सोडवून घाईत लग्न उरकणं हा पोरीवर अन्याय आहे. बायांनो, पोरीनं नाव सांगितलं तर आधी पूर्ण ऐकून घ्या. तिचा फोन काढून घेऊ नका, आणि काही झालं तरी कॉलेज बंद करू नका.