लवादाचे निवाडे आणि त्यांची अंमलबजावणी

निवाडा मिळणें निराळें आणि पाणी मिळणें निराळें, हें कचेरीची पायरी झिजविलेल्या शेतकऱ्यास सांगावयास नको. परंतु दोन सरकारांमधील तंट्यांतही हाच प्रकार चालतो, याचें ठळक उदाहरण म्हणजे कावेरीचा तंटा होय.

या तंट्यांत लवाद नेमला गेला तोच मुळीं न्यायालयाच्या आज्ञेनें. तमिळनाडूंतील शेतकऱ्यांच्या एका संघानें १९८३ सालीं सर्वोच्च न्यायालयांत अर्ज केला होता. त्यावर, एका महिन्याच्या आंत लवाद नेमावा, असा हुकूम मे १९९० मध्यें झाला व जूनमध्यें लवाद स्थापन झाला. आमच्यासारख्या संस्थांनीं ही गोष्ट विशेष ध्यानांत ठेवण्याजोगी आहे.

ता. २५ जून १९९१ रोजीं लवादानें अंतरिम हुकूम दिला, कीं मेत्तूरच्या धरणांत वर्षाकांठीं २०५ अब्ज घनफूट पाणी पोंचेल अशा बेतानें कर्नाटकानें तें सोडावें. कर्नाटक सरकारनें जुलैमध्येंच वटहुकूम काढून हा हुकूम निष्फळ करण्याचा यत्न केला. नोव्हेंबरांत सर्वोच्च न्यायालयानें तो वटहुकूम घटनाबाह्य ठरविला. अंतिम निवाडा ५ फेब्रुवारी २००७ रोजीं झाला. १९५६ च्या कायद्याप्रमाणें निवाड्यास बळ येतें तें राजपत्रांत प्रसिद्ध झाल्यावर, आणि प्रसिद्ध करणें हें मध्यवर्ती सरकारचें काम. तें १९ फेब्रुवारी २०१३ रोजीं झालें, तेंही न्यायालयानें मुदत घालून दिल्यावर! राज्यांचे अर्ज व अपिलें प्रलंबित होतीं हें खरें. पण एक कागद छापण्यास सहा वर्षें? पुढें फेब्रुवारी २०१८ मध्यें न्यायालयानें वांटे कांहींसे बदलून कायम केले व सहा आठवड्यांत योजना करावी असें सांगितलें. तीही मुदत टळली, तमिळनाडूनें बेअदबीचा अर्ज केला, आणि अखेर १ जून रोजीं व्यवस्थापन प्राधिकरणाची अधिसूचना निघाली.

कर्नाटकाचें पाऊल आम्हांस मान्य नाहीं. तथापि मंड्याचा शेतकरीही आमचाच भाऊ आहे, आणि अवर्षणाच्या सालीं त्याच्या उंसास पाणी नसतां तें खालीं सोडणें किती जड जातें हें आम्ही जाणतों. पण तंजावरकडील कुरुवै भाताची लावणी मेत्तूरच्या पाण्यावर, आणि तें धरण उघडण्याची रूढ तारीख १२ जून. वकिलांच्या तारखा भातास ठाऊक नसतात. तुटीच्या सालीं कोणी किती सोसावें, याचा हिशेब मृगापूर्वीं ठरलेला असला तरच न्यायालयाच्या हुकुमाचा उपयोग. भाद्रपदांत हुकूम होऊन आषाढांतलें रोप जगत नाहीं.

सबब, लवादाचा निवाडा ठराविक दिवसांत, फार तर तीन महिन्यांत, आपोआप प्रसिद्ध झाला असें समजण्यांत यावें, अशी दुरुस्ती कायद्यांत व्हावी, असें आमचें मत आहे. त्यास स्थगिती हवी असेल त्या पक्षानें न्यायालयांत जाऊन ती मागावी. पाणी मिळविण्यासाठीं दार ठोठावण्याचा भार पिकाच्या धन्यावर नको. हा प्रश्न दूरदेशींचा नव्हे. ज्या म्हादईच्या तंट्यांत महाराष्ट्र व गोवा हे दोघेही पक्षकार, तिचा निवाडा १४ ऑगस्ट २०१८ रोजीं झाला, आणि राजपत्रांत आला तो न्यायालयाच्या हुकुमानंतर, २७ फेब्रुवारी २०२० रोजीं.