कारवानी कुत्रा आणि एकत्र कुटुंब

कुत्रा आणणें ही घरांतील एकट्याची हौस असूं शकते; त्याला वळण लावणें हें मात्र सगळ्या घराचें काम आहे. हें कोणत्याही कुत्र्याविषयीं खरें असलें, तरी मराठवाड्याच्या माळरानांत वाढलेल्या कारवानी कुत्र्याविषयीं विशेषच खरें आहे. धाराशिव, तुळजापूर, उमरगा या बाजूच्या ज्या घरीं असें पिलूं आणण्याचा विचार चालू असेल, त्या घरच्या वडीलधाऱ्यांनीं आणि गृहिणींनीं तें उंबऱ्याच्या आंत येण्यापूर्वींच पुढील मजकूर वाचावा, अशी आमची विनंती आहे.

लांब निमुळतें तोंड, खोल छाती, बारीक कंबर आणि उंच, सडपातळ पाय ही या कुत्र्याची ओळख. खांद्यापाशीं त्याची उंची सव्वादोन फुटांच्या आसपास भरते. वजन मात्र २५ किलोच्या आगेमागें. तांड्यांबरोबर हिंडत आलेला म्हणून तो कारवानी. कानांवर व शेपटीवर रेशमासारखे लांब केस असले म्हणजे त्यास पश्मी म्हणतात. पश्मीसाठीं लातूरकडील जानवळ या गांवाचें नांव घेतलें जातें, आणि लातूर तर १९८२ पर्यंत आपल्याच जिल्ह्यांत होतें. मुधोळ संस्थानचे मालोजीराव घोरपडे यांनीं ज्या कुत्र्यांची जोपासना केली, तो मुधोळचा कुत्राही याच कुळांतला.

या कुत्र्याला पुष्कळ जण हट्टी म्हणतात. आम्हांस हा शब्द अपुरा वाटतो. मेंढरें वळविणारा विलायती कुत्रा पावलोपावलीं मालकाच्या खुणेकडे पाहतो. कारवान्याचें काम निराळें. तो नाकापेक्षां डोळ्यांच्या भरंवशावर शिकार करितो. माळावर ससा उठला कीं क्षणार्धांत मालक मागें राहतो, त्याची हांकही पोंचत नाहीं. कोठें वळावें, कोणता बांध ओलांडावा, हें कुत्र्यानें स्वतःच ठरवावयाचें. पिढ्यान्‌पिढ्या ज्या गुणासाठीं माणसानें त्याला निवडलें, त्याच गुणास घरांत आल्यावर हट्ट म्हणावें, हा न्याय नव्हे. तो शिकत नाहीं असेंही नाहीं. मेरठच्या लष्करी केंद्रांत २०१६ सालीं मुधोळ कुत्र्यांस शिक्षणासाठीं घेण्यांत आलें. शिकण्यांत आपला लाभ आहे एवढें मात्र त्याला पटावें लागतें.

खरी अडचण पुढेंच आहे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानें काळवीट, ससा यांच्या शिकारीस बंदी झाली, आणि तें योग्यच झालें. शिकार गेली, धांव मात्र रक्तांत राहिली. असा कुत्रा दिवसभर चौकांत साखळीला बांधून ठेवला, तर तो चिडखोर होतो. मोकळा सोडला, तर सशाच्या पाठोपाठ शेजारणीची शेळीही जाते. गरिबाघरची दुभती शेळी म्हणजे मुलांचें दूध आणि अडीनडीचा पैसा. त्याची भरपाई ‘मुका जीव आहे’ एवढ्या शब्दांनीं होत नाहीं. म्हणून ज्या घरीं त्यास रोज धांवविण्यास माणूस नाहीं, त्या घरानें तो आणूं नये.

धांवविण्यासाठीं कुंपणाचें शेत उत्तम. तें नसल्यास लांब दोर हातीं धरून त्यास न्यावें. जवळपास उघडी विहीर नाहीं ना, हें आधीं पाहावें. धांवेच्या भरांत त्याला पुढील खड्डा दिसत नाहीं. आपल्याकडे उन्हाळ्यांत पारा ४० अंशांच्या वर जातो. तेव्हां सूर्योदयापूर्वींची वेळच योग्य. जेवणानंतर लगेच धांवविणें टाळावें, कारण खोल छातीच्या कुत्र्यांस पोट फुगून पीळ पडण्याचा प्राणघातक विकार होऊं शकतो.

आतां शिक्षणाविषयीं. पहिला पाठ हांकेला येण्याचा. पिलूं लहान असतांनाच नांव घेऊन बोलवावें, आलें कीं घांस द्यावा, पाठ थोपटावी आणि पुन्हां खेळावयास सोडावें. पाठ पांच मिनिटांचा असावा. दहाव्या वेळीं हा कुत्रा तोंड फिरवितो. पळून गेलेला कुत्रा तासाभरानें परतला म्हणजे त्यास बडविण्याची रीत पुष्कळ घरीं आहे. त्यांतून तो इतकेंच शिकतो कीं घरीं परतलें म्हणजे मार बसतो.

महाभारताच्या आरंभींची सरमेची कथा येथें आठवावी. जनमेजयाच्या सत्रांत त्याच्या भावांनीं तिच्या पिलास मारलें. पिलानें हविर्द्रव्याकडे पाहिलेंही नव्हतें. अपराध काय, असें सरमेनें विचारलें, तेव्हां त्यांच्यापाशीं उत्तर नव्हतें. काठी उचलणाऱ्या प्रत्येकानें हा प्रश्न स्वतःस विचारावा.

एकत्र कुटुंबांत गोंधळ होतो तो शब्दांचा. आजोबा ‘बस’ म्हणतात, काका ‘खालीं’ म्हणतात, कॉलेजांतील चिरंजीव ‘सिट’ म्हणतात, आणि काकू न बोलतां भाकरीचा तुकडा टाकतात. कुत्रा अर्थातच काकूंचें ऐकतो. यासाठीं ‘ये’, ‘बस’, ‘थांब’, ‘सोड’ असे चारच शब्द ठरवावे, कागदावर लिहून दाराशीं लावावे, आणि लहानथोर सर्वांनीं तेच वापरावे.

मर्यादेचेंही तसेंच. स्वयंपाकघर व देवघर वर्ज्य असेल, तर तें बारा महिने वर्ज्य असावें. पावसाच्या रात्रीं दया येऊन आंत घ्यावा आणि सकाळीं सोंवळ्याच्या वेळीं हाकलावा, यानें कुत्र्याचा विश्वास उडतो. हा नियम आजींच्या हातीं सोपवावा. त्यांचा नियम सणावारींही ढळत नाहीं. उंबऱ्याबाहेर ठेवणें म्हणजे तुच्छ लेखणें नव्हे. आपल्या अणदूर-नळदुर्गाच्या खंडोबाचा भक्त स्वतःस देवाचा वाघ्या म्हणवून घेतो, यांतच कुत्र्याच्या निष्ठेचा मान आहे. मात्र बाहेरची जागा कोरडी, सावलीची व माणसांच्या नजरेंतली असावी. अंगावर चरबी व केस थोडे असल्यामुळें थंडींत त्यास जुनी गोधडी लागते.

मुलांस दोन गोष्टी निक्षून सांगाव्या: कुत्रा जेवतांना वा झोपला असतां त्यास हात लावावयाचा नाहीं, आणि प्रसादाचा शिरा त्यास द्यावयाचा नाहीं. शिऱ्यांतील बेदाणे, तशींच द्राक्षें, त्याच्या मूत्रपिंडास घातक ठरूं शकतात. कांदा व चॉकलेटही वर्ज्य. ज्वारीची भाकरी आणि दूध हा परंपरागत आहार ठीक आहे, पण वाढत्या पिलास तेवढ्यानें पुरत नाहीं. ज्या घरीं अंडेंही चालत नाहीं, त्यांनीं पिलूं आणण्यापूर्वींच पशुवैद्याचा सल्ला घ्यावा. शस्त्रक्रियेची वेळ आली, तर कुत्रा या जातीचा आहे हें डॉक्टरांस आवर्जून सांगावें, कारण भुलीचीं कांहीं औषधें अशा सडपातळ कुत्र्यांच्या अंगांत फार वेळ राहतात. पिसाळरोगाची लस तिसऱ्या महिन्याच्या सुमारास, व पुढें डॉक्टर सांगतील त्याप्रमाणें नियमानें टोंचावी. कोणताही कुत्रा चावला, तर जखम साबण व वाहत्या पाण्यानें १५ मिनिटें धुवावी आणि त्याच दिवशीं रुग्णालय गांठावें; हळद-चुन्यावर भिस्त ठेवूं नये.

हा कुत्रा दहा-बारा वर्षें जगतो. आज ज्या मुलाच्या हट्टासाठीं तो आणावयाचा, तो मुलगा तोंवर शिक्षणासाठीं पुण्यास गेलेला असेल. म्हणून रात्रीच्या जेवणानंतर सर्वांनीं एकत्र बसून तीन प्रश्न विचारावे: पहाटे पांच वाजतां त्यास कोण नेणार? लग्नकार्यासाठीं सगळे परगांवीं गेलों तर तो कोणाकडे राहणार? त्यानें कोणाची शेळी मारली, तर भरपाई कोण देणार? नांवानिशीं उत्तरें मिळालीं, तर पिलूं खुशाल आणावें. ‘बघूं पुढें’ असें उत्तर आलें, तर विसार देऊं नये.