जास्तीचा पगार सरकारने दिला, मग निवृत्तीनंतर वसुली कर्मचाऱ्याकडून का?

निवृत्ती तोंडावर आलेली असते. सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे जातं आणि शेरा येतो: अमुक वर्षीची वेतननिश्चिती चुकली, तेव्हापासून जादा पगार दिला गेला, तो वसूल करा. पंधरा-वीस वर्षांचा फरक एकत्र केला की आकडा लाखांत जातो. मग ग्रॅच्युइटीतून कपात. हिशोब कार्यालयाचा, सह्या साहेबांच्या, भुर्दंड मात्र कर्मचाऱ्याला.

याला कोर्टात आव्हान देता येतं का? हो. पण त्यासाठी कोर्ट नेमकं काय तपासतं, हे माहीत हवं.

वसुली कधी करता येत नाही?

१८ डिसेंबर २०१४ रोजी सुप्रीम कोर्टाने ‘पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह’ या प्रकरणात पाच परिस्थिती सांगितल्या:

१. कर्मचारी वर्ग ३ किंवा ४ मधला (गट क किंवा ड) असेल तर.
२. तो निवृत्त झाला असेल किंवा वसुलीच्या आदेशानंतर वर्षभरात होणार असेल तर.
३. आदेशाआधी पाच वर्षांहून जास्त काळ जादा पैसे दिले जात असतील तर.
४. चुकून वरच्या पदाचं काम करून घेतलं आणि त्याचाच पगार दिला असेल तर.
५. वसुली इतकी जाचक किंवा मनमानी असेल की सरकारच्या हक्कापेक्षा कर्मचाऱ्यावरचा अन्याय मोठा ठरेल तर.

अर्थात चूक कार्यालयाची हवी. खोटी माहिती देऊन पगार वाढवून घेतला असेल, तर हे संरक्षण नाही.

म्हणजे तो पैसा आपला झाला?

नाही, आणि इथेच गल्लत होते. २०१२ मध्ये उत्तराखंडच्या एका प्रकरणात याच कोर्टाने जादा दिलेला पगार हा जनतेचा पैसा आहे, असं सांगत वसुली मान्य केली होती. सरकारचा हक्क कायम आहे. कोर्ट वसुली थांबवतं, कारण तो पगार कधीच घरखर्चात संपलेला असतो आणि उतारवयात तो परत मागणं जाचक ठरतं. म्हणूनच वसुली थांबली तरी चुकलेली वेतननिश्चिती दुरुस्त होऊन पेन्शन कमी होऊ शकते.

२०२२ मध्ये केरळमधल्या एका निवृत्त शिक्षकाकडून होणारी वसुली सुप्रीम कोर्टाने रद्द केली. एप्रिल २०२५ मध्ये ओडिशातल्या न्यायालयीन कर्मचाऱ्यांना दिलासा मिळाला. त्यांना निवृत्तीनंतर, बाजू मांडण्याची संधी न देताच आदेश दिले होते.

खरी मेख हमीपत्रात

वेतन आयोग लागू होताना विकल्पासोबत अनेकदा ‘जादा रक्कम आढळल्यास परत करीन’ असं हमीपत्र घेतलं जातं. २०१६ मध्ये हरियाणातल्या एका न्यायिक अधिकाऱ्याने सुधारित वेतन घेताना अशी हमी दिली होती, म्हणून सुप्रीम कोर्टाने वसुली योग्य ठरवली. फक्त दोन वर्षांच्या हप्त्यांची सवलत दिली.

त्यामुळे तुमचं हमीपत्र त्याच वेतननिश्चितीच्या वेळचं आहे की निवृत्तीच्या कागदांच्या गठ्ठ्यात सही करून घेतलेलं, हे आधी बघा.

दाद कुठे मागायची?

राज्य सरकारी कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे ‘मॅट’ आहे. तिथे साधारणपणे अंतिम आदेशापासून एका वर्षात अर्ज करावा लागतो. जिल्हा परिषदेचे शिक्षक आणि कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत, त्यांना उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. सोबत वसुलीचा आदेश, सेवापुस्तकातल्या नोंदी, वेतननिश्चितीचे कागद आणि हमीपत्राची प्रत ठेवा. आदेशाला आधी कार्यालयातच लेखी हरकत घ्या.

कोर्टाची पायरी चढल्यावरच न्याय?

केंद्राच्या कार्मिक विभागाने २ मार्च २०१६ रोजी मंत्रालयांना कळवलं, की या पाच परिस्थितींत वसुली माफ करण्याचा विचार करा, त्यासाठी वित्त मंत्रालयाच्या व्यय विभागाची मंजुरी घ्या. म्हणजे प्रशासनालाही नियम ठाऊक आहे. तरी कपात आधी होते आणि रक्कम परत मिळवण्यासाठी कोर्टात जावं लागतं. वकिलाचा खर्च परवडतो त्याला दिलासा, बाकीचे कपात मुकाट सोसतात. त्यात वर्ग ३ आणि ४ चे कर्मचारीही असतात, ज्यांचं नाव कोर्टाने यादीत सर्वात आधी घातलं होतं. या पाच ओळी वसुलीच्या आदेशावर सही करण्यापूर्वीच वाचल्या गेल्या, तर यातले बरेच खटले उभेच राहणार नाहीत.