गुन्ह्यात जखमी झालेल्यांना सरकारी भरपाई : पैसे वेळेवर मिळाले तरच उपचार

मारहाण, चाकूहल्ला, अ‍ॅसिड हल्ला किंवा लैंगिक अत्याचार झाला की पेशंटच्या नातेवाईकांचे दोन प्रश्न ठरलेले असतात. ‘पोलीस केस होईल का?’ आणि ‘खर्च किती येईल?’ तिसरा प्रश्न सहसा कोणी विचारत नाही, कारण तो विचारता येतो हेच माहीत नसते : ‘सरकारकडून काही मिळते का?’

मिळते. २००८ च्या दुरुस्तीने फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ३५७-अ आले आणि प्रत्येक राज्याला पीडितांसाठी भरपाई योजना करणे भाग पडले. १ जुलै २०२४ पासून हीच तरतूद भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३९६ मध्ये आहे. महाराष्ट्रात बलात्कार, बालकांवरील लैंगिक अत्याचार आणि अ‍ॅसिड हल्ला यांसाठी २०१३ पासून मनोधैर्य योजना आहे. सुरुवातीला तिची कमाल मर्यादा ३ लाख होती, ती पुढे १० लाख झाली.

अनेकांचा समज असा की आरोपी पकडला गेला, खटला चालला, शिक्षा झाली, मगच पैसे. तसे नाही. आरोपी सापडलाच नाही, खटला उभाच राहिला नाही, तरी पीडित व्यक्ती किंवा तिच्यावर अवलंबून असलेले नातेवाईक जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करू शकतात. प्राधिकरणाने दोन महिन्यांत चौकशी पूर्ण करावी असे कायदा सांगतो. ठाणेदार किंवा दंडाधिकाऱ्याच्या दाखल्यावर तातडीचे उपचार मोफत देण्याचा आदेशही ते काढू शकते.

आता डॉक्टर म्हणून मला काय वाटते ते सांगतो. ही भरपाई उपचारांचा भाग आहे. तिच्याकडे बक्षीस किंवा दानधर्म म्हणून पाहू नका. आणि औषधाप्रमाणे तिलाही वेळ असते.

अ‍ॅसिडची जखम घ्या. पहिली काही मिनिटे भरपूर वाहत्या पाण्याने धुण्याची. त्यानंतर डोळे वाचवणे, जंतुसंसर्ग रोखणे, त्वचारोपण. जखम भरली की घरच्यांना वाटते, संपले. प्रत्यक्षात तेव्हा व्रण आकसू लागतो. मान छातीकडे ओढली जाते, पापणी मिटत नाही, तोंड पुरते उघडत नाही. व्रण स्थिरावायला साधारण वर्ष-दीड वर्ष लागते. त्या काळात दाबाचे कपडे, फिजिओथेरपी, पुन्हा पुन्हा शस्त्रक्रिया. सगळा खर्च या काळात एकवटलेला असतो आणि नेमकी याच काळात घरातली एक-दोन माणसे कामावर जाऊ शकत नाहीत. फिजिओथेरपी पैशाअभावी थांबली तर तीन वर्षांनी मिळालेला मोठा चेक ती मान सरळ करत नाही.

सर्वोच्च न्यायालयाला हे कळले होते, असे म्हणायला हवे. २०१३ च्या लक्ष्मी प्रकरणात न्यायालयाने अ‍ॅसिड हल्ल्यासाठी किमान ३ लाख ठरवले आणि त्यातला १ लाख घटना कळल्यापासून १५ दिवसांत देण्यास सांगितले. राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरणाच्या २०१८ च्या योजनेत चेहरा विद्रूप झालेल्या स्त्रीसाठी ७ ते ८ लाख आहेत. पण त्याच योजनेत एक मेख आहे. मंजूर रकमेच्या ७५ टक्के किमान तीन वर्षे मुदत ठेवीत जातात, हाती २५ टक्के येतात. पैसे नवऱ्याने, भावाने उडवू नयेत ही काळजी मी समजू शकतो. अशी घरे मीही पाहिली आहेत. तरीही माझे मत असे की जिथे शस्त्रक्रिया ठरलेल्या आहेत तिथे हे प्रमाण उलटे हवे. नाहीतर ठेव बँकेत सुरक्षित राहते आणि घरचे लोक सावकाराकडे जातात.

बलात्काराच्या बाबतीत घड्याळ आणखी वेगाने चालते. एचआयव्ही प्रतिबंधक औषधे ७२ तासांच्या आत सुरू व्हावी लागतात, गर्भधारणा टाळण्याची गोळी जितकी लवकर तितकी बरी. इथे भरपाईची वाट पाहायचीच नाही. कलम ३९७ नुसार बलात्कार, अ‍ॅसिड हल्ला आणि मुलांवरील लैंगिक अत्याचार यांत प्रत्येक रुग्णालयाने, खासगीसुद्धा, तात्काळ मोफत उपचार द्यायचे आहेत. नाकारले तर एक वर्षापर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही होऊ शकते. ‘आधी डिपॉझिट भरा’, ‘आधी एफआयआर आणा’ असे कोणी म्हणाले तर ते बेकायदा आहे. हे मी माझ्याच व्यवसायबंधूंविषयी लिहितो आहे, याची मला कल्पना आहे.

‘करदात्यांचा पैसा कशाला? गुन्हेगाराकडून वसूल करा’ असेही म्हटले जाते. जरूर करा. न्यायालय दंडातून भरपाई देऊ शकतेच. पण गुन्हेगार बहुधा कफल्लक असतो किंवा फरार, आणि खटला वर्षानुवर्षे चालतो. रक्षणाची जबाबदारी सरकारने घेतली आहे. ते अपुरे पडले तर पट्टीचा खर्च तरी सरकारने उचलावा.

पेशंटच्या बाजूने कागद महत्त्वाचे. जखमेचा दाखला, एमएलसीची नोंद, डिस्चार्ज कार्ड, औषधांची बिले, प्रवासाच्या पावत्यासुद्धा एका फाइलमध्ये ठेवा. दाखल्यावरचे अक्षर लागत नसेल तर डॉक्टरांकडून तिथल्या तिथे पुन्हा लिहून घ्या, संकोच करू नका. अ‍ॅसिड हल्ल्यात पहिल्यांदा उपचार करणाऱ्या रुग्णालयाने तसा दाखला द्यायचा असतो, तो मागून घ्या. २०१६ च्या कायद्याने अ‍ॅसिड हल्ला पीडितांची दिव्यांगांत गणना होते, त्यामुळे दिव्यांग प्रमाणपत्रही काढा.

जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय बहुधा जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असते. अर्जासाठी खासगी वकील लावावा लागत नाही. विधी सेवेचा मोफत हेल्पलाइन क्रमांक १५१०० आहे. पेशंट अंथरुणावर असेल तर घरातल्या कोणीतरी आजच फोन करावा.